कंट्रोलचा परवाना

वर्धा जिल्ह्यातल्या आष्टीचे नाव इतिहासात आले ते १६ ऑगस्ट १९४२ मुळे. नागपंचमीच्या त्या दिवशी गावातला आणि आसपासच्या खेड्यांतला जमाव पोलीस ठाण्यावर चालून गेला, गोळीबार झाला आणि दोन्ही बाजूंची माणसे पडली. पुढे खटले चालले, फाशीच्या शिक्षा सुनावल्या गेल्या आणि त्या रद्द व्हाव्यात म्हणून नागपूरच्या अनसूयाबाई काळे यांनी जिवाचे रान केले. लोक आजही गावाला शहीद आष्टी म्हणतात.

ज्या भारत संरक्षण नियमांखाली त्या वर्षी देशभर माणसे उचलली जात होती, त्यांतच ८१ क्रमांकाचा एक नियम होता. कोणताही जिन्नस कोणी, कुठे, किती आणि काय भावाने विकायचा हे ठरवण्याचा अधिकार त्याने सरकारला दिला होता. मार्च १९४२ मध्ये रंगून जपान्यांच्या हाती पडले, ब्रह्मदेशचा तांदूळ बंद झाला, आणि त्याच साली या नियमाच्या आधारे घाऊक धान्यव्यापाऱ्यांना सरकारी परवाना सक्तीचा झाला. युद्ध संपले, इंग्रज गेले, भारत संरक्षण नियमही गेले. परवाना मात्र राहिला. वर्धेकडे ज्या दुकानाला लोक सर्रास ‘कंट्रोल’ म्हणतात, त्याच्या परवान्यासाठी तहसीलपासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत जे तंटे चालत आले, त्यांची मुळे या युद्धकाळात आहेत.

शहरांना रेशनची ओळख आधी झाली. मुंबईत २ मे १९४३ रोजी शिधावाटप सुरू झाले. त्याच वर्षी सर थिओडोर ग्रेगरी यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने लाखावर वस्तीच्या शहरांत रेशन लावण्याची शिफारस केली. खेड्यापाड्यांत अशी कडक शिस्त नव्हती; तिथे नियंत्रित भावाने धान्य देणारी दुकाने आली आणि ती कोणाला द्यायची हे मामलेदार कचेरीच्या मर्जीवर राहिले. ज्याच्याकडे आधीच गोदाम, तराजू, बैलगाडी आणि गुंतवायला रोकड होती, त्यालाच दुकान मिळणे ओघाने आले. गावचा किराणा दुकानदार आणि गावचा सावकार हा कित्येकदा एकच माणूस असे.

स्वातंत्र्य मिळाले तेव्हा ही सारी व्यवस्था मोडून काढावी असे म्हणणारांत सर्वांत वजनदार आवाज गांधीजींचा होता. १९४७ च्या अखेरीस दिल्लीतल्या प्रार्थनासभांतून त्यांनी नियंत्रणांविरुद्ध मोहीमच उघडली. नियंत्रणामुळे टंचाई हटत नाही, काळाबाजार मात्र वाढतो, असे त्यांचे म्हणणे होते. डिसेंबर १९४७ मध्ये सरकारने टप्प्याटप्प्याने नियंत्रणे उठवायचे जाहीर केले. भाव असे भडकले की वर्षही उलटले नाही, तोच, सप्टेंबर १९४८ मध्ये, नियंत्रणे परत आली. रफी अहमद किडवाई अन्नमंत्री झाल्यावर १९५२ ते ५४ या काळात ती पुन्हा सैल झाली. १९५७ मध्ये अशोक मेहता समितीने अहवाल दिला आणि रास्त भावाच्या दुकानांकडे सरकार पुन्हा वळले. कंट्रोल येतो, जातो, पुन्हा येतो, हे एका पिढीने दहा वर्षांत दोनदा पाहिले.

कायद्याची गाडी या काळात नागपूरच्या रुळांवरून धावत होती. वर्धा तेव्हा मध्य प्रांत आणि वऱ्हाडात, पुढे जुन्या मध्य प्रदेशात होता. राजधानी नागपूर आणि उच्च न्यायालयही नागपूरला. १९४८ च्या नोव्हेंबरात मुंबईहून कानपूरला चाललेल्या एका जोडप्याला इटारसी स्थानकावर रेल्वे पोलिसांनी उतरवून घेतले. सामानात सहा मणांवर नवे कापड होते आणि ते नेण्याचा परवाना नव्हता. त्यांच्यावरचा खटला इटारसीच्या मॅजिस्ट्रेटकडून नागपूरला आणि तिथून दिल्लीला गेला. १९४६ चा जीवनावश्यक पुरवठ्याचा तात्पुरता कायदाच घटनाबाह्य आहे, असा त्यांचा दावा होता. १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला: टंचाईच्या जिनसांवर परवाना लावण्याचा सरकारचा अधिकार पक्का झाला.

त्याच वर्षी नाण्याची दुसरी बाजूही समोर आली. कानपूरच्या कोळसा व्यापाऱ्यांच्या प्रकरणात उत्तर प्रदेशच्या कोळसा नियंत्रण आदेशातली काही कलमे न्यायालयाने रद्द ठरवली. परवाना द्यायचा की नाही हे एकाच अधिकाऱ्याच्या लहरीवर सोपवले होते. ना कसोटी, ना निकष, ना वर दाद. परवाना लावा, पण तो कोणाला आणि का, हे कागदावर ठरलेले हवे, असा या दोन निकालांचा एकत्रित अर्थ. पुढच्या सत्तर वर्षांतली बहुतेक प्रकरणे या दोन टोकांमध्येच झुलत राहिली.

तात्पुरता कायदा जाऊन १९५५ मध्ये जीवनावश्यक वस्तू कायदा आला. त्याच्या तिसऱ्या कलमातून राज्याराज्यांचे परवाना आदेश निघाले आणि त्यांच्याबरोबर कज्जेही. धारच्या एका धान्यव्यापाऱ्याने १९६० मध्ये परवान्यासाठी अर्ज केला, फी भरली, परवाना येईलच या भरवशावर गहू घेतला आणि खरेदीचे तक्ते नियमाने कचेरीत पाठवत राहिला. परवाना आला नाही, तपासणी मात्र आली. ८८५ मण गहू विनापरवाना साठवल्याचा गुन्हा दाखल झाला. सर्वोच्च न्यायालयाने त्याला सोडले. ज्याने आपला साठा स्वतःच सरकारला कळवला, त्याच्या मनात कायदा मोडायचा हेतू होता असे कसे म्हणावे, असा न्यायमूर्तींचा विचार होता. अर्ज कचेरीत पडून राहणे आणि त्याचे खापर अर्जदाराच्या डोक्यावर फुटणे, हा अनुभव कंट्रोलवाल्यांच्या पुढच्या पिढ्यांनाही चांगलाच ओळखीचा झाला.

पण परवाना हा मुळात हक्क आहे का? राज्यघटनेच्या एकोणिसाव्या अनुच्छेदाने नागरिकाला धंद्याचे स्वातंत्र्य दिले आहे. मग सरकारने एकाला दुकान देऊन दुसऱ्याला का नाकारावे? हा सवाल पहिल्यांदा जोरात आला तो आसामातून. तिथल्या १९६१ च्या धान्य परवाना आदेशात सहकारी संस्थांना प्राधान्य होते. न्यायालयाने प्राधान्य मान्य केले, पण प्राधान्याच्या नावाखाली एकाच संस्थेला सबंध मक्ता देऊन खासगी व्यापाऱ्याचा अर्ज बाजूला सारणे अमान्य केले.

पुढची मोठी लढाई जुन्या मध्य प्रांताच्याच मुलखात झाली. आज छत्तीसगडमध्ये असलेल्या, तेव्हा मध्य प्रदेशच्या दुर्ग जिल्ह्यातल्या बेमेतरा तहसिलीतल्या स्वस्त धान्य दुकानदारांनी संघ काढला होता: सरकारी सस्ता अनाज विक्रेता संघ. १९८१ मध्ये मध्य प्रदेश सरकारने नवी योजना आणली आणि दुकाने खासगी माणसांकडून काढून सहकारी संस्थांकडे द्यायला सुरुवात केली. वर्षानुवर्षे दुकान चालवणारे एका फटक्यात बाहेर. संघ सर्वोच्च न्यायालयात गेला. न्या. चिन्नप्पा रेड्डी यांचा निकाल दुकानदारांच्या विरुद्ध गेला. धान्याचा व्यापार करायला तुम्हाला कोणी अडवलेले नाही, असे न्यायालयाने सांगितले. मात्र सरकारचे धान्य सरकारच्या वतीने वाटण्याचे काम आपल्यालाच मिळावे, असा मूलभूत हक्क कोणालाही नाही. नफ्यासाठी न चालणाऱ्या संस्थेला प्राधान्य देणे हा भेदभावही नव्हे. मध्य प्रदेश रेशन विक्रेता संघाच्या प्रकरणातही त्याच वर्षी हाच निर्वाळा मिळाला.

कायद्याच्या दृष्टीने विषय इथे मिटायला हवा होता. दुकानदार हा सरकारचा वाटप करणारा हस्तक, दुकान त्याच्या मालकीचे नाही. गावात मात्र कंट्रोल हे वतनासारखे मानले गेले. परवानाधारक वारला की वारसाच्या नावे परवाना करून घ्यायचा, भावाभावांत वाटण्या झाल्या की दुकान कोणाकडे यावरून बिनसायचे, निवडणुकीत सरपंच बदलला की कंट्रोलवाल्याविरुद्धच्या तक्रारींचा गठ्ठा तहसिलीत पोचायचा. कोर्टाने हक्क नाकारला होता, पण दुकानाभोवतीची पत, ओळख आणि उधारीची वही हे सारे प्रत्यक्षात होतेच.

महाराष्ट्रातला परवान्याचा सांगाडा उभा राहिला तो १९६६ चा शिधावाटप आदेश, १९७५ चा अनुसूचित वस्तू वितरण विनियमन आदेश आणि १९७९ चा किरकोळ विक्रेत्यांचा परवाना आदेश, या तिघांवर. मधल्या काळात १९७२ चा दुष्काळ येऊन गेला. मिलो ज्वारी आणि सुकडीच्या त्या दिवसांत रेशनचे दुकान हे पोट भरायचे ठिकाण झाले. मुंबईत मृणाल गोरे आणि अहिल्या रांगणेकर यांच्या पुढाकाराने लाटणी घेऊन रस्त्यावर उतरलेल्या बायकांच्या मागण्यांतही रेशन वेळेवर आणि पुरेसे मिळावे हीच मागणी होती. दुकान बायकांनीच चालवावे, हा विचार सरकारी कागदावर यायला त्यानंतर पस्तीस वर्षे लागली.

आष्टीसारख्या तालुक्यातल्या एखाद्या दुकानाची फाइल कशी चालते, हे पाहिले की वादाचे पाणी कुठे मुरते ते कळते. साहूर, अंतोरा किंवा तळेगावसारख्या गावातून तक्रार आली की तहसीलमधून पुरवठा निरीक्षक किंवा नायब तहसीलदार तपासणीला जातो. भावफलक लावला आहे का, त्यावर आजचा साठा लिहिला आहे का, धान्याचे नमुने बरणीत ठेवले आहेत का, वजनमापावर वैधमापनचा शिक्का आहे का, हे पाहिले जाते. मग पोती मोजायची. साठा रजिस्टरचा आकडा आणि प्रत्यक्ष पोती यांत तफावत निघाली की पंचनामा होतो, दहा-वीस कार्डधारकांचे जबाब घेतले जातात. कारणे दाखवा नोटीस निघते. जिल्हा पुरवठा अधिकारी वर्ध्याला बसून दुकान निलंबित करतो, अनामत जप्त करतो किंवा परवानाच रद्द करतो. त्या गावची कार्डे शेजारच्या गावच्या दुकानाला जोडली जातात.

इथून पुढे कागदांचा प्रवास सुरू होतो. अपील नागपूरला विभागीय उपायुक्तांकडे. तिथे नाही जमले तर पुनरीक्षण राज्य सरकारकडे, म्हणजे मुंबईत अन्न व नागरी पुरवठा मंत्र्यांसमोर. आणि तिथेही हरले की रिट याचिका घेऊन परत नागपूरला, उच्च न्यायालयाच्या खंडपीठात. प्रत्येक पायरीवर आधी मागितली जाते ती स्थगिती. ती मिळाली की दुकान पुन्हा उघडते आणि मूळ तक्रार निकालाची वाट पाहत राहते.

खंडपीठापुढे अशा प्रकरणांत जे मुद्दे येतात ते बहुधा साधे असतात. तपासणीचा अहवाल दुकानदाराला दिला होता का? कार्डधारकांच्या जबाबांच्या नकला मिळाल्या का? नोटिशीत एक आरोप आणि आदेशात दुसराच, असे तर झाले नाही ना? मंत्र्यांनी आदेश फिरवला तर कारणे लिहिली का? नैसर्गिक न्यायाची ही तत्त्वे अधिकाऱ्यांना तोंडपाठ असतात. घाईत लिहिलेला दोन परिच्छेदांचा आदेश मात्र त्यांवरच आपटतो आणि ज्याने खरोखर धान्य खाल्ले असेल असा दुकानदारही तांत्रिक मुद्द्यावर परत येतो. उलट, गावच्या राजकारणातून दुकान गमावलेल्या माणसालाही याच मुद्द्यांचा आधार असतो.

नव्वदच्या दशकात दुकानांचे गणितच बदलले. जून १९९७ पासून रेशन सर्वांसाठी न राहता दारिद्र्यरेषेच्या आधारे वाटले जाऊ लागले. महाराष्ट्रात १ मे १९९९ पासून पिवळे, केशरी आणि पांढरे अशी तीन रंगांची कार्डे आली. सरकारी भाव आणि बाजारभाव यांतली दरी रुंदावली, तसा पोते वळवण्याचा मोहही वाढला. २००१ मध्ये पीयूसीएल या संघटनेने अन्नाच्या अधिकाराची याचिका सर्वोच्च न्यायालयात दाखल केली. तिच्यातल्या २ मे २००३ च्या आदेशाने परवान्याच्या वादात पहिल्यांदा कार्डधारकाच्या बाजूने स्पष्ट रेघ ओढली. महिनाभर ठरल्या वेळेत दुकान उघडे न ठेवणारा, दारिद्र्यरेषेखालच्यांकडून जादा भाव घेणारा, त्यांची कार्डे स्वतःकडे ठेवणारा, कार्डावर खोट्या नोंदी करणारा, धान्य काळ्या बाजारात घालवणारा दुकानदार परवाना गमावण्यास पात्र ठरेल, असे न्यायालयाने सांगितले. मुंबईत रेशन सुरू झाले त्याला त्या दिवशी बरोबर साठ वर्षे झाली होती.

यानंतर आले बचतगट. ३ नोव्हेंबर २००७ च्या शासन निर्णयाने महाराष्ट्रात नवी रास्त भाव दुकाने आणि रॉकेलचे किरकोळ परवाने महिला स्वयंसहायता बचतगटांना प्राधान्याने द्यायचे ठरले. जाहीरनामा निघाला की गावात दोन-तीन गट अर्ज करणार, ग्रामसभा शिफारस करणार, हा क्रम. ज्या बायका शंभर-शंभर रुपयांची बचत करत होत्या, त्यांना आता ठराव, कोरम आणि हरकत हे शब्द शिकावे लागले. कोणता गट जुना? कोणी कर्ज फेडले? ग्रामसभेला गणपूर्ती होती का? गटाच्या अध्यक्षाचा नवराच आधीचा दुकानदार नाही ना? असे प्रश्न अपिलांत दिसू लागले. काही गावांत गट खराच उभा राहिला. काही गावांत पाटी बचतगटाची आणि गल्ल्यावर जुनाच माणूस, असाही प्रकार झाला.

२०१३ च्या राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याने ही दिशा देशासाठी पक्की केली: परवाने देताना पंचायती, बचतगट, सहकारी संस्था यांना पसंती आणि दुकानांची व्यवस्था महिलांकडे. महाराष्ट्रात कायदा १ फेब्रुवारी २०१४ पासून लागू झाला. ६ जुलै २०१७ च्या शासन निर्णयाने प्राधान्याचा क्रम नव्याने लावला. आधी ग्रामपंचायत व तत्सम स्थानिक स्वराज्य संस्था, मग नोंदणीकृत बचतगट, मग सहकारी संस्था. दहा वर्षे पहिल्या रांगेत असलेला बचतगट दुसऱ्या रांगेत गेला.

दरम्यान एक जुना पेच सर्वोच्च न्यायालयात दोनदा सोडवला गेला, आणि दोन्ही वेळा प्रकरण उत्तर प्रदेशातले होते. जुन्या दुकानदाराचा परवाना रद्द झाला, दुकान नव्याला दिले, आणि जुन्याचे अपील मंजूर झाले तर नव्याने काय करायचे? त्याला न ऐकता त्याचे दुकान काढता येते का? ऑक्टोबर २०१५ मध्ये न्या. दीपक मिश्रा यांनी लिहिलेल्या निकालानुसार नव्या दुकानदाराला त्या भांडणात स्वतंत्र हक्क नव्हता. मूळचा आदेशच चुकीचा ठरला तर त्यावर उभे असलेले वाटपही पडणार. सप्टेंबर २०२२ मध्ये न्या. भूषण गवई यांच्या पीठाने यातला फरक दाखवला: रीतसर प्रक्रियेने दुकान मिळालेल्याला राज्याच्या शासनादेशानुसार बाजू मांडू दिलीच पाहिजे. गवई मूळचे आष्टीच्या शेजारच्या, वर्धा नदीपलीकडच्या अमरावतीचे, आणि वकिली केली ती मुख्यतः नागपूर खंडपीठात.

जुना दुकानदार, नवा दुकानदार, ग्रामसभा, तहसीलदार, मंत्री, या साऱ्यांनी कोणत्या ना कोणत्या पायरीवर आपले म्हणणे मांडले. ज्याचे कार्ड निलंबनात दुसऱ्या गावाला जोडले गेले, त्याचे नाव या फायलींत सापडते ते जबाबाच्या कागदावर, अंगठ्याशेजारी. तो पक्षकार नसतो.

ज्यासाठी एवढे भांडायचे त्या दुकानात आज किती मिळते? ऑगस्ट २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने दुकानदारांचे मार्जिन क्विंटलमागे १५० वरून १७० रुपये केले. महिन्याला शंभर क्विंटल धान्य वाटणाऱ्या दुकानाच्या हाती त्या हिशेबाने १७,००० रुपये पडतात. त्यातून जागा, वीज, हमाली आणि मदतनीस. जानेवारी २०२३ पासून अन्न सुरक्षेचे धान्य मोफत झाले. त्याच वर्षी शेतकरी आत्महत्याग्रस्त १४ जिल्ह्यांतल्या केशरी कार्डधारक शेतकऱ्यांना धान्याऐवजी खात्यात रोख रक्कम देणे सुरू झाले. नागपूर विभागातला वर्धा हा त्यांतला एकमेव जिल्हा. जेवढे धान्य कमी, तेवढे मार्जिन कमी. रॉकेलचे परवाने तर केव्हाच नावापुरते उरले.

अंगठा घेऊन धान्य देणाऱ्या ई-पॉस यंत्रामुळे रजिस्टर आणि पोती यांतली जुनी तफावत लपवणे कठीण झाले. आता वाद होतात ते अंगठा न उमटण्यावरून, सर्व्हर बंद असण्यावरून, पावती न देण्यावरून. ऑगस्ट २०१९ मध्ये महाराष्ट्र आणि गुजरात यांच्यात कार्डाची ने-आण सुरू झाली आणि पुढे ती देशभर पसरली; कार्डधारक आता कोणत्याही दुकानातून धान्य उचलू शकतो आणि मार्जिन त्या दुकानाला मिळते. मुंबई-पुण्यात याचा अर्थ समोरच्या गल्लीतले दुकान. आष्टी तालुक्यातल्या एका दुकानाच्या खेड्यात दुसरा पर्याय म्हणजे पुढचे गाव, आणि तिथवर जायचे तर जाण्यायेण्यात गेलेली अर्ध्या दिवसाची मजुरी. म्हणून अशा गावात जाहीरनामा लागला की अर्ज आजही येतात, ग्रामसभेत हरकती निघतात आणि त्यातल्या काही नागपूरपर्यंत जातात.